पलाशिका ते हलशी : एका सीमाग्रामाचा भूगोल आणि इतिहास

१

बेळगाव जिल्ह्याच्या नैर्ऋत्य भागात, खानापूरपासून सुमारे १४ किलोमीटरांवर, हलशी नावाचे एक लहान गाव आहे. बाहेरचा प्रवासी येथे येतो तो बहुधा भूवराह-नरसिंहाचे प्राचीन देवालय पाहण्याकरिता. तासाभरात त्याचे पाहणे आटोपते आणि तो परत फिरतो. वृत्तपत्रांच्या वाचकाला तर ह्या गावाचे नाव स्वतंत्रपणे भेटतच नाही. ‘सीमाभाग’ ह्या एका व्यापक शब्दात ते बुडून गेलेले असते. आणि तरीही पंधराशे वर्षांपूर्वी, ज्या काळात बेळगाव नगराचे नावही इतिहासात कोठे दिसत नाही त्या काळात, हे गाव एका राजकुळाचे दुसरे राजधानीस्थान होते. त्या काळच्या ताम्रपटांत त्याचा उल्लेख ‘विजयपलाशिका’ अशा गौरवाने झालेला आहे.

सीमाभागातील गावांविषयी आपल्याकडे जे लेखन होते, त्याचा आरंभ बहुतेक वेळा १ नोव्हेंबर १९५६ ह्या दिवसापासून होतो. तो दिवस महत्त्वाचा आहे आणि त्याने लाखो माणसांच्या जीवनावर परिणाम केला, ह्यात शंका नाही. परंतु गाव त्या दिवशी जन्मलेले नसते. हलशीसारख्या गावाचा इतिहास त्या एका तारखेच्या दोन्ही बाजूंना ठेवून पाहिला, तर ‘सीमा’ ह्या शब्दाचा अर्थच कसा बदलत गेला हे ध्यानात येते. दोन प्रदेशांच्या, दोन भाषांच्या आणि दोन जलप्रवाहांच्या मध्ये असणे हे हलशीच्या उत्कर्षाचे कारण होते. तेच आज तिच्या अडचणीचे कारण झाले आहे. हा पालट कसा घडला आणि त्यावरून इतिहास शिकविणाऱ्याने काय घ्यावे, एवढाच प्रस्तुत लेखाचा विषय आहे.

२

प्रथम भूमीचा विचार करू. खानापूर तालुका सह्याद्रीच्या माथ्यावर आणि त्याच्या पूर्वउतारावर पसरला आहे. पश्चिमेस गोवा, दक्षिणेस उत्तर कन्नड जिल्हा आणि वायव्येस थोड्याच अंतरावर महाराष्ट्राची भूमी, अशी त्याची स्थिती आहे. ह्याच तालुक्यात कणकुंबी येथे मलप्रभा उगम पावते. खानापूरवरून ती पूर्वेकडे वळते आणि शेवटी कूडलसंगम येथे कृष्णेला मिळून तिचे पाणी बंगालच्या उपसागराला जाते. ह्याच तालुक्याच्या अरण्यात म्हादई उगम पावते. ती पश्चिमेकडे उतरून गोव्यात मांडवी ह्या नावाने अरबी समुद्राला मिळते. एकाच तालुक्यात, एकाच पावसाळ्यात पडलेले पाणी असे दोन समुद्रांत वाटले जाते.

पाण्याप्रमाणेच मातीचीही येथे वाटणी झालेली आहे. तालुक्याचा पश्चिम भाग दाट जंगलाचा, तांबड्या मातीचा आणि मुसळधार पावसाचा. भीमगडाच्या परिसरातील अरण्याला २०११ साली अभयारण्य म्हणून घोषित करण्यात आले. पूर्वेकडे जसजसे जावे तसतसा पाऊस ओसरतो, झाडी विरळ होते, आणि कित्तूर, बैलहोंगल, धारवाड ह्या बाजूला ज्वारी-कापसाची काळी जमीन लागते. हलशी ही ह्या दोहोंच्या मधल्या पट्ट्यात, भातशेतीच्या खाचरांत वसलेली आहे. तिच्या पाठीशी रान आहे आणि समोर मैदान आहे.

अशा जागी वस्ती का वाढते, हे समजणे कठीण नाही. मैदानातील माणसाला मीठ हवे, नारळ-सुपारी हवी. किनाऱ्यावरील माणसाला धान्य आणि कापड हवे. दोघांमध्ये घाट आहे, आणि घाट चढून आलेल्या बैलांच्या तांड्याला पहिला मुक्काम हवा. हा मुक्काम घाटमाथ्याच्या अरण्यात करता येत नाही. तो अरण्य संपून शेती लागते तेथेच होतो. हलशीच्या शेजारचे नंदगड हे एकोणिसाव्या शतकापर्यंत गोव्याकडील मीठ, नारळ आणि सुपारी ह्यांच्या व्यापाराची नामांकित पेठ होती, ती ह्याच कारणाने. १८८० नंतरच्या दशकात लोहमार्ग झाला, लोंढ्याहून कॅसलरॉकमार्गे मुरगाव बंदराशी गाडी जाऊ लागली, आणि तांड्यांच्या वाटेवरील गावांचे महत्त्व उतरणीला लागले. गावाचा ऱ्हास परचक्रानेच होतो असे नाही. वाट बदलली तरी तो होतो.

३

हलशीच्या प्राचीनत्वाचा पुरावा जमिनीतून निघाला. गावाबाहेर नंदगडच्या वाटेवर चक्रतीर्थ नावाची एक लहान विहीर आहे. तिच्याजवळच्या मातीच्या उंचवट्यात गेल्या शतकाच्या आधीच्या शतकात कदंब राजांचे अनेक ताम्रपट सापडले. जॉन फेथफुल फ्लीट ह्या विद्वान मुलकी अधिकाऱ्याने त्यांचे वाचन करून १८७७ च्या सुमारास ‘इंडियन अँटिक्वरी’ ह्या नियतकालिकात ते प्रसिद्ध केले. बनवासीच्या आद्य कदंबांविषयी आज आपल्याला जे काही माहीत आहे, त्याचा मोठा भाग ह्या हलशीच्या पत्र्यांवर उभा आहे. पुढे जॉर्ज मोराईस ह्यांनी १९३१ साली कदंबकुलाचा सविस्तर इतिहास इंग्रजीत लिहिला, त्यातही ह्या ताम्रपटांना पायाचे स्थान आहे.

ह्या पटांची भाषा संस्कृत आहे आणि लिपी दक्षिणी वळणाची आहे. काळ इसवी सनाच्या पाचव्या शतकापासून सहाव्या शतकाच्या पूर्वार्धापर्यंतचा. त्यांत सर्वांत जुना पट काकुस्थवर्म्याचा, तो युवराज असतानाचा. त्याने श्रुतकीर्ती नावाच्या सेनापतीला खेटग्रामातील ‘बडोवर’ नावाचे शेत दिल्याची नोंद त्यात आहे. त्याचा नातू मृगेशवर्मा ह्याने आपल्या दिवंगत पित्याच्या स्मरणार्थ पलाशिकेत जिनालय बांधविले आणि त्याच्या योगक्षेमासाठी ३३ निवर्तने जमीन दिली. मृगेशवर्म्याचा पुत्र रविवर्मा ह्याने विष्णुवर्म्याचा वध करून आणि कांचीच्या चंडदंडाचा पाडाव करून पलाशिकेत आपले आसन स्थिर केले. त्याचा भाऊ भानुवर्मा ह्याच्या वेळच्या पटात ‘कर्दमपटी’ नावाच्या जागेतील १५ निवर्तने जमिनीचे दान आहे. रविवर्म्याचा पुत्र हरिवर्मा ह्याच्याही दोन दानांच्या नोंदी ह्यांत आहेत.

राजांची नावे आणि लढाया ह्यांवरच थांबणे ही इतिहासलेखनाची जुनी खोड आहे. हलशीचे ताम्रपट त्यापुढे जाऊन वाचले पाहिजेत. ‘कर्दम’ म्हणजे चिखल. कर्दमपटी हे नाव वाचताच आजच्या हलशीच्या भोवतालची, पावसाळ्यात पाण्याने भरलेली, चिखलणी केलेली भातखाचरे डोळ्यांसमोर उभी राहतात. रविवर्म्याच्या पटात कार्तिकी पौर्णिमेच्या सुमारास आठ दिवसांचा जिनोत्सव करावा आणि पावसाळ्याच्या चार महिन्यांत यापनीय तपस्व्यांना भोजन मिळावे, अशी व्यवस्था सांगितली आहे. ज्याने खानापूरचा पावसाळा पाहिला आहे त्याला ह्या व्यवस्थेचा अर्थ निराळा समजावून सांगावा लागत नाही. जैन मुनींना चातुर्मासात विहार वर्ज्य असतो हे खरे. परंतु ह्या प्रदेशात आषाढ-श्रावणात पायवाटाही चालण्याजोग्या राहत नाहीत. चार महिने एका जागी राहणाऱ्यांना चार महिन्यांचे धान्य लागते, आणि ते धान्य एका गावाच्या उत्पन्नातून यावे ही तजवीज राजाने केलेली आहे. धर्म, पाऊस आणि शेतसारा ही तीन सूत्रे एका पत्र्यावर एकत्र आलेली दिसतात.

ह्या पटांतून एका घराण्याचाही माग लागतो. काकुस्थवर्म्याकडून दान मिळविणारा श्रुतकीर्ती, त्याच्या वंशातील दामकीर्ती आणि त्याचा पुत्र जयकीर्ती असे पुरुष निरनिराळ्या राजांच्या कारकिर्दींत भेटतात. राजे बदलत गेले; जमीन कसणारे, देवालय सांभाळणारे आणि दानपत्र जपून ठेवणारे घर मात्र टिकून राहिले. ग्रामेतिहासात खरा कणा अशा घरांचा असतो.

आता ‘सीमा’ ह्या शब्दाकडे वळू. मृगेशवर्म्याच्या दानाची जमीन कोठून कोठपर्यंत, तर मातृसरित नावाच्या नदीपासून इंगिणी-संगमापर्यंत. सीमा म्हणजे पाण्याचा ओघ, सीमा म्हणजे दोन प्रवाह भेटतात ती जागा. ती रेषा माणसांच्या भाषेवरून काढलेली नाही. ती शेताची आहे, आणि ती ओलांडणे हा रोजचा व्यवहार आहे. कोणी कोणत्या बाजूचा आहे, हे तीवरून ठरत नसे.

४

ह्या दानांचे ग्रहण करणाऱ्यांत यापनीय, निर्ग्रंथ आणि कूर्चक असे तीन जैन संघ आहेत. त्यांपैकी यापनीयांचा येथे थोडा विचार केला पाहिजे. त्यांचे मुनी दिगंबरांप्रमाणे नग्न राहत. परंतु स्त्रीलाही मोक्ष मिळू शकतो आणि केवलज्ञानी पुरुषही आहार घेतो, ही श्वेतांबरांची मते त्यांना मान्य होती. आचार एका पक्षाचा आणि सिद्धांत दुसऱ्या पक्षाचा, अशी ही मधली वाट होती. ह्या संघाने विद्वत्ताही मोठी दाखविली. राष्ट्रकूट अमोघवर्षाच्या काळातील वैयाकरण शाकटायन पाल्यकीर्ती हा यापनीयच. कर्नाटकात आणि दक्षिण महाराष्ट्रालगतच्या प्रदेशात हा संघ कित्येक शतके नांदला आणि मग नाहीसा झाला. त्याने स्थापिलेल्या मूर्तींची पूजा आज दिगंबर समाज करतो. त्याचा म्हणून वेगळा अनुयायी आज कोठेही उरलेला नाही.

ह्या विस्मृत संघाचा शोध घेणाऱ्यांत एक प्रमुख नाव डॉ. आदिनाथ नेमिनाथ उपाध्ये ह्यांचे आहे. त्यांचा जन्म १९०६ साली बेळगाव जिल्ह्यातील सदलगा येथे, म्हणजे निपाणी-चिकोडीच्या परिसरातच झाला, आणि त्यांनी दीर्घकाळ कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयात अध्यापन केले. प्राकृत ही त्यांची विद्या. इंग्रजीत ते लिहीत, आणि कन्नड व मराठी ह्या दोन्ही भाषांच्या शेजारात त्यांचे आयुष्य गेले. दोन पक्षांच्या मध्ये उभ्या असलेल्या संघाचे महत्त्व अशा सीमाभागातील विद्वानाच्या नजरेस पडावे, हे मला स्वाभाविक वाटते.

यापनीयांची कथा येथे सांगण्याचे कारण असे की, मधल्यांची गत इतिहासात बहुधा अशीच होते. त्यांचा पराभव कोठे झाला ह्याची नोंद सापडत नाही. दोन्ही बाजू आपापली गणती करू लागल्या, की मधला माणूस एकीकडे तरी मोजला जातो किंवा मोजलाच जात नाही.

५

गावाच्या नावातही हीच गोष्ट दडलेली आहे. ताम्रपटांतील संस्कृत रूप ‘पलाशिका’. मध्ययुगीन कन्नड लेखांतून ‘पलसिगे’, ‘हलसिगे’ अशी रूपे येतात. जुन्या कन्नडमधील शब्दारंभीचा ‘प’ दहाव्या शतकाच्या सुमारास ‘ह’ होऊ लागला : पालु ह्याचे हालु झाले, पत्तु ह्याचे हत्तु झाले, पुलि ह्याचे हुलि झाले. तोच नियम येथे लागला आणि पलसिगेची हलसिगे झाली. मराठीत हा पालट घडलेला नाही. पळस हा मराठीत पळसच राहिला, आणि महाराष्ट्रात पळशी नावाची गावे पुष्कळ आहेत. हलशी हे नाव केवळ मराठी मुखांतून आले असते तर तेही पळशीच राहिले असते. उलट, अंत्य ‘सि’ चा ‘शी’ करणे ही मराठीची सवय. म्हणजे ह्या तीन अक्षरी नावाच्या आरंभी कन्नडचा संस्कार आहे आणि अंती मराठीचा.

त्याच्या मुळाशी संस्कृतातील पलाश, म्हणजे पळस, पाहता येतो. तसाच जुन्या कन्नडमधील ‘पलसु’, म्हणजे फणस, हाही पाहता येतो. दोन्ही झाडे ह्या रानात आहेत. भाषाभिमानी मनुष्य आपल्याला हवे ते झाड निवडील. परंतु नाव उच्चारताना त्याला दोन्ही भाषांची मदत घ्यावीच लागेल.

६

आद्य कदंबांनंतर बदामीच्या चालुक्यांचा उदय झाला आणि पलाशिकेचे राजधानीपण संपले. परंतु पाच-सहा शतकांनी ते दुसऱ्या रूपाने परत आले. गोव्याच्या कदंबांचे राज्य कोकण-नऊशे आणि पलसिगे-बारा हजार अशा दोन प्रांतांचे मिळून होते. एक प्रांत घाटाखाली, एक घाटावर. एका राजधानीत, गोपकपट्टणात, समुद्रावरून येणारी जहाजे लागत. दुसरी, हलशी, मैदानाच्या तोंडाशी होती. घाट हा ह्या राज्याचा कडेचा प्रदेश नव्हता, तो त्याचा मध्य होता. आज ज्या डोंगररेषेवर दोन राज्ये संपतात, त्याच रेषेवर त्या काळी एक राज्य जोडले गेले होते.

बाराव्या शतकाच्या मध्यास येथे दोन भाऊ एकत्र राज्य करीत होते. थोरला पेर्माडी ‘शिवचित्त’ म्हणवी आणि धाकटा विजयादित्य ‘विष्णुचित्त’. हलशीच्या नरसिंहाच्या देवालयातील शिलालेखात शिवचित्ताच्या कारकिर्दीतील कलियुग वर्ष ४२७०, म्हणजे इ. स. ११६९, नोंदविले आहे. शिवभक्त म्हणविणारा राजा विष्णूच्या देवालयाशी असा निगडित होता, हे लक्षात घेण्यासारखे आहे. देवालयाची रचनाही विशेष आहे. एकाच मंडपाच्या दोन टोकांना समोरासमोर दोन गर्भगृहे असून एकात नरसिंह-नारायण आणि दुसऱ्यात पृथ्वीला उचलून धरणारा भूवराह आहे. भूवराहाची स्थापना विजयादित्याच्या काळात, ११८६-८७ च्या सुमारास झाली असे मानले जाते. गावाच्या परिसरात सुवर्णेश्वर, हाटकेश्वर, कपिलेश्वर अशी शिवालयेही आहेत.

त्याच पेर्माडीची राणी कमलादेवी हिने कित्तूरजवळील देगांवे येथे कमलनारायणाचे देवालय बांधविले. तेथील ११७४ चा लेख दोनदा कोरलेला आहे, एकदा नागरी लिपीत आणि एकदा कन्नड लिपीत. भाषा दोन्हींत संस्कृतच. हे असे का केले असावे? घाटाखालून येणारा यात्रेकरू नागरी वाचील आणि मैदानातून येणारा कन्नड वाचील, हा हिशेब त्यात सहज दिसतो. दगडावर अक्षर कोरणे खर्चाचे आणि कष्टाचे काम असते. तरीही राणीने तोच मजकूर दोनदा कोरविला, कारण वाचणारे दोन प्रकारचे आहेत हे तिला ठाऊक होते. आठशे वर्षांनंतर त्याच जिल्ह्यात गावच्या वेशीवरील पाटी कोणत्या लिपीत असावी ह्यावरून तंटे व्हावेत, ही गोष्ट मनाला खिन्न करणारी आहे.

ह्या कदंबांचे आराध्य दैवत सप्तकोटीश्वर. त्यांच्या सुवर्णनाण्यांवर त्याचे नाव आहे. पोर्तुगीज अमदानीत मूळ देवालय नष्ट झाल्यावर ते दैवत नदीपलीकडे नार्वे येथे आणण्यात आले, आणि तेथील देवालयाचा जीर्णोद्धार १६६८ साली शिवाजी महाराजांनी केला. हलशीला राजधानी करणाऱ्या, कन्नड बिरुदे मिरविणाऱ्या राजांचे दैवत मराठ्यांच्या राजाने पुन्हा उभे केले. त्याला त्यात काही विसंगत वाटले नाही, हे आपण लक्षात ठेवावे.

७

पुढे देवगिरीचे यादव, विजयनगर, बहमनी, आदिलशाही आणि मराठे अशा अनेक सत्ता ह्या प्रदेशावरून गेल्या. पेशवाईत आणि इंग्रजी अमलाच्या प्रारंभी बेळगाव-धारवाड भागातील दप्तर मोठ्या प्रमाणावर मराठीत होते. त्यामुळे कन्नड भाषकांच्या मुलांना आपल्या भाषेतील शाळा सहजासहजी मिळत नसत. एकोणिसाव्या शतकात डेप्युटी चन्नबसप्पा ह्यांच्यासारख्यांनी कन्नड शाळांसाठी झटून काम केले ते ह्या पार्श्वभूमीवर. मराठी वाचकाने ही बाजू जाणून घेणे अगत्याचे आहे. मातृभाषेतून शिकता न येण्याचे दुःख आज सीमाभागातील मराठी कुटुंबे सांगतात. ते त्याच भूमीत, दुसऱ्या भाषेच्या माणसांनी, त्याआधी सोसलेले होते. एका दुःखाने दुसरे खोटे ठरत नाही. दोन्ही एकाच जातीची आहेत, एवढे मात्र त्यावरून कळते.

कित्तूरच्या १८२४ च्या संग्रामानंतर संगोळ्ळी रायण्णाने ह्याच अरण्याच्या आश्रयाने इंग्रजांशी झुंज दिली. २६ जानेवारी १८३१ रोजी त्याला नंदगड येथे फाशी देण्यात आले. कन्नड जनमानसात नंदगडला जे पूज्य स्थान आहे ते तेव्हापासून. १८३६ साली धारवाडमधून बेळगाव जिल्हा वेगळा करण्यात आला, आणि मुंबई इलाख्याचा भाग म्हणून तो पुढे एक शतकाहून अधिक काळ राहिला.

मराठी जनमानसात बेळगावला जे स्थान आहे त्याचे एक कारण १९४६ चे साहित्य संमेलन. ग. त्र्यं. माडखोलकर ह्यांच्या अध्यक्षतेखाली बेळगावात भरलेल्या ह्या संमेलनात संयुक्त महाराष्ट्राचा ठराव झाला. दहा वर्षांनी, १९५६ च्या जानेवारीत, सीमाप्रश्नावरील आंदोलनात गोळीबार झाले आणि माणसे मृत्युमुखी पडली. १७ जानेवारी हा दिवस सीमाभागात हुतात्मा दिन म्हणून अद्याप पाळला जातो. राज्यपुनर्रचनेच्या कायद्याने १ नोव्हेंबर १९५६ रोजी बेळगाव जिल्हा म्हैसूर राज्यात गेला. त्यातून चंदगड तालुका तेवढा वगळण्यात आला आणि तो कोल्हापूर जिल्ह्यात आला. कालपर्यंत एकाच कचेरीत शेतसारा भरणारी माणसे दोन राज्यांची नागरिक झाली.

महाराष्ट्राची मागणी गाव हा घटक, भौगोलिक सलगता, भाषिक बहुसंख्या आणि लोकेच्छा ह्या तत्त्वांवर उभी होती; आंध्र आणि मद्रास ह्यांच्या सीमातंट्यात पाटसकरांनी हीच दिशा दाखविली होती. १९६६ साली न्यायमूर्ती मेहेरचंद महाजन ह्यांचा आयोग नेमण्यात आला आणि १९६७ साली त्याचा अहवाल आला. खानापूर, निपाणी आणि नंदगड ह्यांसह २६४ गावे महाराष्ट्राला आणि २४७ गावे म्हैसूरला द्यावीत, बेळगाव शहर म्हैसूरमध्येच राहावे, अशी त्याची शिफारस होती. महाराष्ट्राने अहवाल नाकारला, दुसऱ्या बाजूने तो स्वीकारला, आणि अंमल कोठेच झाला नाही. २००४ साली महाराष्ट्राने सर्वोच्च न्यायालयात दावा दाखल केला. महाराष्ट्राचा हक्क ८६५ गावांवर सांगितला जातो.

ह्या शिफारशीकडे इतिहासाच्या दृष्टीने पाहिले तर एक गोष्ट डोळ्यांत भरते. कन्नड जनतेचा रायण्णा जेथे फासावर गेला ते नंदगड महाराष्ट्राला, आणि मराठी जनतेने जेथे संयुक्त महाराष्ट्राचा ठराव केला ते बेळगाव म्हैसूरला. आयोगाच्या न्यायान्यायाची चर्चा येथे करावयाची नाही. परंतु ह्या भूमीवर रेषा कोठेही ओढली, तरी कोणाची तरी स्मृती पलीकडे राहते, एवढे ह्यावरून स्पष्ट होते.

पाण्याचेही तेच झाले. म्हादईचे पाणी मलप्रभेच्या खोऱ्यात वळविण्याचा वाद लवादापुढे गेला. २०१८ च्या निवाड्यात कर्नाटकाला १३.४२ अब्ज घनफूट पाणी देण्यात आले, त्यांतील ३.९ अब्ज घनफूट मलप्रभेकडे वळविण्यासाठी. मातृसरितेपासून इंगिणी-संगमापर्यंतची जमीन मोजणाऱ्या लेखकाला दोन नद्यांमधला डोंगर हा कधी खटल्याचा विषय होईल, हे स्वप्नातही आले नसेल.

८

आता ह्या सर्वांचा निष्कर्ष मांडून लेख पुरा करतो.

सीमावादात ताम्रपट आणि शिलालेख पुराव्यादाखल पुढे करण्याची प्रथा दोन्हीकडे आहे. कदंब कन्नड होते, म्हणून हलशी आमची, असे एक पक्ष म्हणतो. गोव्याच्या कदंबांनी नागरी लिपी वापरली, शिवाजी महाराजांनी त्यांच्या दैवताचे देऊळ बांधले, म्हणून ती आमची, असे दुसरा म्हणू शकेल. ह्या दोन्ही युक्तिवादांत इतिहासावर अन्याय होतो. कन्नडच्या अतिप्राचीन ज्ञात लेखांत गणला जाणारा हलमिडीचा शिलालेख कदंबकाळातला आहे, हे मान्य करण्यास मराठी माणसाने कचरू नये. तसे मान्य केल्याने त्याची बाजू तसूभरही लंगडी पडत नाही. सीमाभागातील मराठी माणसाची मागणी आज तेथे राहणाऱ्या माणसांच्या भाषेवर आणि इच्छेवर उभी आहे. तिला पाचव्या शतकातील राजाच्या साक्षीची गरज नाही. ज्याचा दावा जिवंत माणसांवर आधारलेला आहे, त्याने तांब्याच्या पत्र्यांना वाकविण्याचे कारण नाही.

परंतु त्याहून महत्त्वाची गोष्ट पुढची आहे. सीमा जेव्हा शेताची रेषा होती, तेव्हा मधल्या माणसाला जागा होती. ती जेव्हा भाषेच्या टक्केवारीची रेषा झाली, तेव्हा त्याला एक रकाना निवडणे भाग पडले. हलशीच्या परिसरात घरी मराठी, बाजारात कन्नड आणि घाटाखालच्या सोयऱ्यांशी कोकणीच्या वळणाचे बोलणे, असा व्यवहार पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे. आपण मराठीत वडील माणसाला अण्णा म्हणतो, थोर स्त्रीला अक्का म्हणतो, सुपारी अडकित्त्याने कातरतो. हे शब्द ज्या वाटेने मराठीत आले ती वाट अशाच गावांतून जाते. यापनीय संघाप्रमाणे हा मधला व्यवहारही एक दिवस कोणतीही लढाई न होता नाहीसा होईल, अशी भीती वाटते. तसे झाले तर नुकसान मराठीचे होईल आणि कन्नडचेही.

म्हणून सीमाभागातील शिक्षकांना आणि साहित्यसेवकांना एक विनंती करावीशी वाटते. आपल्या गावाची एक वही करावी. तीत शेतांची, ओढ्यांची, विहिरींची, पाणवठ्यांची, देवस्थानांची आणि जुन्या वाटांची नावे, वृद्ध माणसे जशी उच्चारतात तशी, लिहून ठेवावीत. मराठी रूप असेल तेथे मराठी, कन्नड असेल तेथे कन्नड, आणि दोन्ही असतील तेथे दोन्ही. कोणत्या नावाने आपला पक्ष बळकट होतो, हा विचार ती वही लिहिताना मनात आणू नये. बडोवर आणि कर्दमपटी ही नावे कोणा अज्ञात लेखनिकाने पत्र्यावर कोरली, म्हणून पंधराशे वर्षांपूर्वीचे हलशीचे शिवार आज आपल्याला अंधुक तरी दिसते. आजच्या शिवारांची नावे सर्व्हे नंबरांच्या आकड्यांत लोपत चालली आहेत. ती लिहून ठेवणे हे काम न्यायालयाच्या निकालासाठी थांबण्याचे कारण नाही, आणि निकाल कोणताही लागला तरी ते वाया जाणार नाही.

हलशीच्या देवळात नरसिंह आणि भूवराह अद्यापही समोरासमोर आहेत. दोघांमध्ये एकच मंडप आहे, आणि दर्शनाला येणारा माणूस त्या मंडपात उभा राहून एकदा इकडे हात जोडतो आणि एकदा तिकडे.